फुकटचा गेम, महागातली लिंक

कॉलेजच्या ग्रुपवर दर दोन दिवसांनी एक मेसेज हमखास येतो. ‘अरे, त्या गेमची लिंक टाक ना. अनलॉक्डवाली.’ पाच मिनिटांत कुणीतरी लिंक टाकतं, खाली सात-आठ अंगठे पडतात आणि कॅन्टीनमध्ये चहा येईपर्यंत गेम निम्म्या ग्रुपच्या फोनमध्ये पोचलेला असतो. तो कुठून आला, कुणी बनवला, फोनमध्ये शिरताना त्यानं काय काय मागून घेतलं, हे बघायला कुणाला वेळ नसतो. पुढची मॅच सुरू झालेली असते!

यात एवढं काय, असं वाटेल. पण तोच फोन जरा नीट बघा. यूपीआय त्यातच आहे. घरून आलेले महिन्याचे पैसे ज्या खात्यात पडतात, त्याचा ओटीपी याच नंबरवर येतो. शिष्यवृत्तीचा फॉर्म, डिजिलॉकर, हॉल तिकीट, नोट्सच्या पीडीएफ, घरच्यांचे फोटो... सगळा संसार त्या साडेसहा इंचांत. गेमसाठी एक आणि बँकेसाठी एक असे दोन फोन आपल्यापैकी किती जणांकडे आहेत? म्हणूनच ‘कुठला गेम खेळायचा’ याच्याइतकाच ‘तो आणायचा कुठून’ हाही प्रश्न महत्त्वाचा आहे. त्याचे रस्ते बरेच आहेत. काही सरळ आहेत, काही स्वस्त आहेत आणि काही फक्त स्वस्त दिसतात.

सापापासून स्टोअरपर्यंत

१९९७ मध्ये नोकिया ६११० या फोनमध्ये ‘स्नेक’ आला, तेव्हा गेम ‘आणायचा’ प्रश्नच नव्हता. फोनबरोबर जो मिळेल तो गेम, आणि तोच खेळायचा. मग जावाचे गेम आले. मोठ्या दादा-ताईंना विचारा, ते सांगतील. रिचार्जच्या दुकानात मेमरी कार्ड द्यायचं, दुकानदार त्याच्या कॉम्प्युटरमधून गाणी, रिंगटोन आणि गेम भरून द्यायचा. ते गेम कुणाचे, परवानगी कुणाची, हे ना दुकानदार विचारायचा ना आपण.

२००८ हे वळणाचं वर्ष. जुलैमध्ये अ‍ॅपलचं अ‍ॅप स्टोअर उघडलं आणि ऑक्टोबरमध्ये गुगलचं अँड्रॉइड मार्केट. या मार्केटचंच नाव मार्च २०१२ मध्ये गुगल प्ले झालं. दुकान फोनच्या आतच आलं. आपल्याकडे खरी गर्दी झाली ती सप्टेंबर २०१६ नंतर, जिओ आल्यावर डेटा स्वस्त झाला तेव्हा. त्यानंतर दोनेक वर्षांत पबजी मोबाइल आला आणि ‘स्क्वॉडमध्ये ये’ हे वाक्य कॉलेजात ‘लेक्चरला येतोयस का’पेक्षा जास्त ऐकू यायला लागलं.

दुकान बदललं, पण मेमरी कार्डवाल्या दुकानदाराची सवय काही गेली नाही. आता त्याच्या जागी ग्रुपवरची लिंक आहे. फरक इतकाच, की त्या दुकानदाराला आपण ओळखायचो.

रस्ता पहिला : सरळ स्टोअरमधून

अँड्रॉइडवर प्ले स्टोअर, सॅमसंगचा फोन असेल तर जोडीला गॅलेक्सी स्टोअर, आणि आयफोनवर अ‍ॅप स्टोअर. युरोपात नव्या कायद्यामुळे २०२४ पासून आयफोनवर दुसरी स्टोअर्स चालतात, पण भारतात अजून अ‍ॅप स्टोअर हाच एक दरवाजा आहे.

स्टोअरमधला प्रत्येक गेम शंभर टक्के चांगला असतो असं नाही. पण तिथे निदान काही चाळण्या असतात. गेम बनवणाऱ्याचं खातं असतं, प्ले प्रोटेक्ट अ‍ॅप तपासतं, गडबड सापडली तर गेम काढून टाकता येतो आणि अपडेट त्याच मार्गानं येत राहतात. आपलं काम एवढंच, की इन्स्टॉलचं हिरवं बटण दाबण्याआधी थोडं खाली स्क्रोल करायचं.

काय बघायचं? एक, डेव्हलपरचं नाव. एखादा गेम हिट झाला की त्याच्यासारखंच नाव आणि त्याच्यासारखंच आयकॉन घेऊन दहा भाऊबंद उगवतात. दोन, नावाखालची बारीक अक्षरं. ‘जाहिराती आहेत’ आणि ‘इन-अ‍ॅप खरेदी’ हे दोन्ही तिथे लिहिलेलं असतं आणि खरेदी किती रुपयांपासून किती रुपयांपर्यंत आहे तेही दिलेलं असतं. तीन, ‘डेटा सेफ्टी’ हा भाग. गेम आपली कुठली माहिती घेतो आणि कुणाला देतो, हे डेव्हलपरनं तिथे स्वतः सांगायचं असतं. कॅरमच्या गेमला तुमचे कॉन्टॅक्ट्स कशाला हवेत, हा प्रश्न तिथेच पडायला हवा.

आणि हो, साइज. स्टोअरवर दिसतो तो आकडा बऱ्याचदा अर्धाच असतो. मोठे गेम इन्स्टॉल झाल्यावर आत गेलात की मॅप, आवाज, ग्राफिक्स यांचं आणखी डाउनलोड मागतात. दिवसाच्या दीड जीबीवाल्या पॅकवर दुपारी हे सुरू केलंत, तर संध्याकाळी मेसेज पाठवायलाही डेटा उरणार नाही. मोठा गेम वाय-फायवरच उतरवा आणि प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये अपडेटही ‘फक्त वाय-फायवर’ करून ठेवा.

हॉस्टेलवर वाय-फाय रडतखडत चालतंय? पूर्वी यासाठी शेअरइट आणि झेंडर होते. जून २०२० मध्ये सरकारनं ५९ अ‍ॅप्सवर बंदी घातली, त्यात दोन्ही गेले. पण प्ले स्टोअरमध्येच ‘मॅनेज अ‍ॅप्स’खाली ‘शेअर अ‍ॅप्स’ हा पर्याय असतो. रूममेटच्या फोनमधला गेम इंटरनेट न वापरता तुमच्या फोनमध्ये घेता येतो. खूप जणांना हे माहीतच नसतं.

मोफत म्हणजे किती मोफत?

स्टोअरमधले बहुतेक गेम फुकट असतात. मग कंपनी चालते कशावर? आपल्या दोन गोष्टींवर : वेळ आणि उतावीळपणा. वेळ जाहिराती बघण्यात जातो. उतावीळपणा इन-अ‍ॅप खरेदीत. ‘लाइफ संपल्या, थांबा किंवा पैसे भरा’ हे गणित कॅन्डी क्रशनं घराघरांत पोचवलं. बॅटल रॉयलमध्ये तेच काम स्किन, पास आणि पेट्या करतात.

यातली खरी गोम म्हणजे गेममधलं चलन. बीजीएमआयमध्ये यूसी, फ्री फायरमध्ये डायमंड. आपण रुपये देऊन यूसी घेतो आणि मग यूसी देऊन स्किन घेतो. मधल्या या एका पायरीमुळे स्किन नेमकी कितीला पडली हे डोक्यातून निसटतं. तीनशे रुपयांचा शर्ट घेताना आपण दुकानदाराशी दहा मिनिटं घासाघीस करतो. गेममधला शर्ट मात्र दोन टॅपमध्ये येतो.

साधा हिशोब करून बघा. समजा, एखादा मित्र दर आठवड्याला फक्त ७९ रुपयांचं टॉपअप करतो. ५२ आठवड्यांचे झाले ४,१०८ रुपये. बऱ्याच गावांत मेसच्या महिन्याभराच्या डब्याला एवढेच पैसे लागतात. खर्च करू नका असं कुणीच म्हणत नाही. एखादा गेम वर्षभर मजा देत असेल तर त्याला पैसे द्यायला काय हरकत? पण ते ठरवून द्या, हरल्याच्या रागात नको. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड किंवा बोटाचा ठसा सक्तीचा करता येतो. ते पाच सेकंद फार कामाचे असतात. चुकून खरेदी झालीच, तर ४८ तासांच्या आत गुगलकडे रिफंड मागता येतो. मिळेलच असं नाही, पण मागायला काय जातं?

रस्ता दुसरा : एकदाच पैसे, किंवा महिन्याची वर्गणी

जाहिराती नकोत, यूसी नको, कटकट नको, असं वाटत असेल तर विकत मिळणारे गेम बघा. ‘मॉन्युमेंट व्हॅली’ किंवा ‘स्टारड्यू व्हॅली’सारखे गेम एकदा पैसे देऊन घ्यायचे आणि संपेपर्यंत निवांत खेळायचे. स्टारड्यू व्हॅली मुळात एकट्या माणसानं बनवलेला गेम आहे, हे कळल्यावर तर पैसे देताना जरा बरंही वाटतं.

दुसरा पर्याय वर्गणीचा. गुगल प्ले पास भारतात फेब्रुवारी २०२२ मध्ये आला, तेव्हा त्याची किंमत महिन्याला ९९ आणि वर्षाला ८८९ रुपये होती. अ‍ॅपल आर्केडही भारतात ९९ रुपयांनीच सुरू झालं. दोन्हींत मिळणाऱ्या गेममध्ये जाहिराती नसतात आणि आत वेगळे पैसेही मागत नाहीत. घरात भावंडं असतील तर एकाच वर्गणीत कुटुंबातले आणखी पाच जण खेळू शकतात. आणि घरी नेटफ्लिक्स असेल, तर त्याच वर्गणीत नोव्हेंबर २०२१ पासून गेमही मिळतात. सिरीज बघणाऱ्या कितीतरी जणांनी तो गेमचा टॅब कधी उघडलेलाच नसतो.

फक्त एक काळजी. ‘पहिला महिना फुकट’ घेताना यूपीआय ऑटोपे मंजूर होतं. परीक्षेच्या गडबडीत आपण विसरतो, ऑटोपे विसरत नाही. ट्रायल सुरू केली त्याच दिवशी कॅलेंडरमध्ये शेवटच्या तारखेच्या आधीचा रिमाइंडर लावून टाका.

रस्ता तिसरा : इन्स्टॉलच करायचं नाही

फोनमध्ये ‘स्टोरेज फुल’ची पाटी कायमचीच असेल, तर ब्राउझर उघडा. बुद्धिबळासाठी लिचेस आहे. पूर्ण फुकट, एकही जाहिरात नाही, चालवणारी संस्था ना-नफा तत्त्वावरची. शब्दांची आवड असेल तर वर्डल आहे. यूट्यूबमध्येही ‘प्लेएबल्स’ नावाखाली छोटे गेम मिळतात. लोकलच्या तीन स्टेशनांपुरता टाइमपास हवा असेल तर एवढं पुरतं.

याच्या दुसऱ्या टोकाला आहे क्लाउड गेमिंग. गेम चालतो कंपनीच्या सर्व्हरवर, आपल्या फोनवर येतो फक्त व्हिडिओ, आणि आपण दाबलेली बटणं उलट तिकडे जातात. म्हणजे पीसी किंवा कन्सोलवरचा भारी गेम साध्या फोनवर! जिओची अशी सेवा आहे आणि मायक्रोसॉफ्टची एक्सबॉक्स क्लाउड सेवाही नोव्हेंबर २०२५ मध्ये भारतात आली.

ऐकायला स्वप्नवत आहे, पण डेटाचा हिशोब करा. सेकंदाला १० मेगाबिटचा व्हिडिओ धरला, तर तासाला साडेचार जीबी. म्हणजे दिवसाचा दीड जीबीचा पॅक वीस मिनिटांत साफ! शिवाय नेट जरा अडखळलं, की बटण दाबल्यावर अर्ध्या सेकंदानं गोळी सुटते. तोवर आपला खेळ खल्लास. चांगलं ब्रॉडबँड किंवा अमर्याद फाइव्ह-जी असेल तरच याच्या नादी लागा. साध्या ऑनलाइन गेमचं मात्र उलट असतं. गेम आधीच फोनमध्ये असतो, त्यामुळे खेळताना फक्त कोण कुठे आहे एवढीच माहिती ये-जा करते. तासाला शंभरेक एमबीच्या आतबाहेर काम भागतं.

आणि डेटाच नसेल तर? लुडो किंग एकाच फोनवर आळीपाळीनं खेळता येतो. मिनी मिलिशियासाठी एकानं हॉटस्पॉट चालू करायचा, बाकीच्यांनी जोडायचं, एक एमबीही खर्च होत नाही. ट्रेकला जाताना एसटीत मागच्या सीटवर बसून खेळलेल्या त्या मॅचेस कुणी विसरलं असेल असं वाटत नाही.

रस्ता चौथा : ‘भाई, मॉड आहे’

मिनी मिलिशियाचं नाव निघालंच आहे, तर मॉडचं बोलू. आठवतंय ना, ग्रुपमध्ये एक जण असा असायचाच, ज्याच्याकडे न संपणाऱ्या गोळ्या आणि न संपणारं उड्डाण असायचं? तो कायम जिंकायचा. आणि पाच मॅचनंतर त्याच्याशी कुणीच खेळायचं नाही. मॉडचा पहिला तोटा हाच, मजा मरते. पण तो सगळ्यात लहान तोटा आहे.

एपीके म्हणजे अँड्रॉइड अ‍ॅपचं गाठोडं. गेम बनवणारा हे गाठोडं बांधताना त्यावर आपली डिजिटल सही करतो. आतल्या एकाही फाइलला हात लावला की ती सही मोडते. म्हणजे मॉड करणाऱ्याला गाठोडं सोडून, आत हवं ते बदलून, वर स्वतःची नवी सही ठोकावी लागते. त्यानं फक्त गोळ्या वाढवल्या, की सोबत आणखी काही टाकलं, हे बाहेरून कळायला मार्ग नसतो.

ओळखायची एक सोपी खूण आहे. वेगळी सही असलेलं अ‍ॅप अँड्रॉइड जुन्या अ‍ॅपवर बसू देत नाही. म्हणून ‘आधी ओरिजिनल गेम काढून टाका, मग हा इन्स्टॉल करा’ अशी सूचना लिंकखाली लिहिलेली असते. ही सूचना दिसली की समजायचं, हा गेम मूळ कंपनीचा नाही.

दुसरी गोष्ट, ‘अनलिमिटेड यूसी’, ‘अनलिमिटेड डायमंड’ असं लिहिलेलं मॉड. ऑनलाइन गेममध्ये तुमच्या यूसीची नोंद तुमच्या फोनमध्ये नसतेच, कंपनीच्या सर्व्हरवर असते. फोनमधलं अ‍ॅप कितीही बदललं तरी सर्व्हरवरचा आकडा हलत नाही. बँकेच्या अ‍ॅपच्या स्क्रीनशॉटवर एक शून्य वाढवलं म्हणून खात्यात पैसे येतात का? तसंच हे. म्हणजे ऑनलाइन गेमचं असं मॉड जे द्यायचं सांगतं, ते देऊच शकत नाही. मग ते बनवणाऱ्यानं एवढी मेहनत कशासाठी घेतली असेल? उत्तर बहुतेकदा परवानग्यांच्या यादीत सापडतं.

एखादा गेम एसएमएस वाचायची परवानगी मागतो, म्हणजे तो ओटीपी वाचू शकतो. ‘अ‍ॅक्सेसिबिलिटी’ची परवानगी मागतो, म्हणजे स्क्रीनवर काय दिसतंय ते बघू शकतो आणि तुमच्या वतीनं टॅपही करू शकतो. ही सोय मुळात दिव्यांगांना फोन वापरता यावा म्हणून आहे. रेसिंगच्या गेमला तिचं काय काम? व्हॉट्सअ‍ॅपवर लग्नपत्रिकेच्या नावानं डॉट एपीके फाइल पाठवून खाती रिकामी करण्याचे प्रकार तुम्ही वाचले असतील. तिथे पत्रिका होती, इथे गेम. आतली युक्ती तीच.

म्हणूनच २०१७ च्या अँड्रॉइड ८ पासून बाहेरचं अ‍ॅप टाकण्याची परवानगी अख्ख्या फोनला एकदम द्यायची पद्धत बंद झाली. आता ती एकेका अ‍ॅपला द्यावी लागते. म्हणजे कधीतरी क्रोमला किंवा टेलिग्रामला ‘इन्स्टॉल अननोन अ‍ॅप्स’ची परवानगी दिली असेल, तर ती आजही चालू असेल. सेटिंगमध्ये जाऊन एकदा बघाच.

मग स्टोअरबाहेरचं सगळंच वाईट का? नाही. २०१० पासून चालणारं एफ-ड्रॉइड नावाचं भांडार आहे. तिथली अ‍ॅप्स ओपन सोर्स असतात, म्हणजे त्यांचा कोड कुणालाही वाचता येतो. ‘शॅटर्ड पिक्सेल डंजन’, ‘मिन्डस्ट्री’, ‘सुपरटक्सकार्ट’ असे मस्त गेम तिथे फुकट आहेत आणि तेही रीतसर. काही कंपन्या स्वतःच्या साइटवरूनही गेम देतात. पण तिथेही डोळे उघडे हवेत. ऑगस्ट २०१८ मध्ये फोर्टनाइट अँड्रॉइडवर आला तो प्ले स्टोअर टाळून, एपिक कंपनीच्या स्वतःच्या इन्स्टॉलरमधून. त्या इन्स्टॉलरमध्ये गुगलच्या इंजिनिअरांना त्रुटी सापडली. फोनमध्ये आधीच बसलेलं एखादं घातकी अ‍ॅप डाउनलोड झालेली खरी फाइल बदलून तिथे खोटी ठेवू शकत होतं. एपिकनं ती लगेच दुरुस्त केली. एवढ्या मोठ्या कंपनीकडून असं होऊ शकतं, तर ग्रुपवरच्या लिंकची हमी कोण देणार?

जुन्या कन्सोलचे गेम खेळायचे असतील तर एम्युलेटर आहेत. अँड्रॉइडवर ते आधीपासून होते, अ‍ॅपलनंही एप्रिल २०२४ पासून त्यांना परवानगी दिली. एम्युलेटर वापरण्यात गैर काही नाही. पण विकत न घेतलेल्या गेमची फाइल कुठल्यातरी साइटवरून उतरवणं हा कॉपीराइटचा भंगच ठरतो.

बंदी आली की लिंक येतात

आपल्या पिढीनं हे दोनदा-तीनदा बघितलंय. २ सप्टेंबर २०२० ला माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९अ खाली ११८ अ‍ॅप्सवर बंदी आली, त्यात पबजी मोबाइल होता. जुलै २०२१ मध्ये क्राफ्टन कंपनीनं भारतासाठी बीजीएमआय आणला. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायर गेला. त्याच वर्षी जुलैच्या शेवटी बीजीएमआयही दोन्ही स्टोअरमधून गायब झाला आणि मे २०२३ मध्ये तीन महिन्यांच्या परीक्षेवर परत आला. येताना १८ वर्षांखालच्यांना दिवसाला ३ तास आणि बाकीच्यांना ६ तास, अशी मर्यादा घेऊन आला.

या प्रत्येक वेळी एकच गोष्ट घडली. स्टोअरमधलं दार बंद झालं, की दुसऱ्या दिवसापासून ‘चालणारी लिंक’ फिरायला लागली. गेम हवाहवासा असतो, खरा मिळत नसतो आणि आपण घाईत असतो. खोटं एपीके पसरवणाऱ्याला आणखी काय पाहिजे? तेव्हा पुढच्या वेळी एखादा गेम स्टोअरमधून गेला, तर पहिले दोन आठवडे फक्त थांबा.

‘खेळा आणि जिंका’वाले

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेनं ऑनलाइन गेमिंगचा नवा कायदा मंजूर केला आणि २२ ऑगस्टला त्यावर राष्ट्रपतींची सही झाली. त्यात गेमचे सरळ तीन भाग केलेत. ई-स्पोर्ट्स, मनोरंजनाचे किंवा सोशल गेम आणि पैसे लावून खेळायचे गेम. पहिल्या दोघांना प्रोत्साहन, तिसऱ्याला बंदी. रमी, पोकर, पैसे लावून फॅन्टसी क्रिकेट हे सगळं तिसऱ्यात. कौशल्याचा खेळ की नशिबाचा, हा जुना वाद कायद्यानं बाजूला ठेवला. पैसे लावून जिंकायची आशा दाखवली की झालं. असा गेम चालवणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद आणि १ कोटीपर्यंत दंड, जाहिरात करणाऱ्याला २ वर्षांपर्यंत कैद आणि ५० लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. खेळणाऱ्याला शिक्षा नाही.

पण शिक्षा नाही म्हणजे धोका नाही, असं नाही. बंदीनंतर असे गेम टेलिग्रामवरच्या एपीकेमधून येतात. सुरुवातीला शंभराचे दीडशे होतात. मग मोठी रक्कम टाकली की पैसे अडकतात आणि ते काढायला आणखी पैसे मागितले जातात. दाद मागायची कुणाकडे? ज्या अ‍ॅपचा पत्ताच नाही, त्याचं कस्टमर केअर कुठून असणार? एखाद्या इन्फ्लुएन्सरनं स्टोरीत अशी लिंक टाकली तरी लक्षात ठेवा, त्याला जाहिरातीचे पैसे मिळालेत. तुमचे गेले तर तो भरून देणार नाही.

आपल्या गावचे गेम

लॉकडाउनमध्ये आजीपासून नातवापर्यंत सगळे जो लुडो किंग खेळत होते, तो नवी मुंबईतल्या कंपनीचा आहे हे किती जणांना माहितीय? ऑक्टोबर २०२४ मध्ये आलेला ‘इंडस’ हा बॅटल रॉयल पुण्याच्या सुपरगेमिंगचा. पुराणकथांच्या जगात घडणारा ‘राजी’ हा गेम पुण्याच्याच नॉडिंग हेड्स गेम्सनं बनवला आणि २०२० मध्ये तो आधी निन्टेन्डो स्विचवर आला. अ‍ॅनिमेशन, कोडिंग, साउंड, लेखन शिकणारी कितीतरी मुलं अशा स्टुडिओंमध्ये कामाची स्वप्नं बघतायत. क्रॅक केलेला गेम उतरवताना आपण परदेशातल्या कुठल्यातरी अब्जाधीश कंपनीला चुना लावतोय असं वाटतं. प्रत्यक्षात तो फटका कदाचित आपल्याच सिनिअरच्या पहिल्या नोकरीला बसत असतो. मोठ्या कंपन्या तग धरतात, छोटा स्टुडिओ नाही.

इन्स्टॉलच्या आधी दोन मिनिटं

• स्टोअरमध्ये स्वतः नाव टाइप करून शोधा. जाहिरातीतल्या किंवा ग्रुपवरच्या लिंकवरून जाऊ नका.
• डेव्हलपरचं नाव आणि सगळ्यात अलीकडचे वाईट रिव्ह्यू वाचा. पाच स्टारवाले सगळे सारखेच बोलतात, एक स्टारवाले कारण सांगतात.
• एसएमएस, कॉन्टॅक्ट्स, अ‍ॅक्सेसिबिलिटी मागणारा गेम सरळ नाकारा.
• प्ले प्रोटेक्ट बंद करायला सांगणारा गेम टाकूच नका. कुलूप काढायला सांगणारा पाहुणा घरात घेतो का आपण?
• गेमसाठी वापरायचा ईमेल आणि पासवर्ड बँकेच्या किंवा मुख्य ईमेलच्या पासवर्डपेक्षा वेगळा ठेवा. गेमचं खातं विकत घेऊ नका आणि विकूही नका.

आणि गडबड झालीच तर

फोन लगेच एअरप्लेन मोडवर टाका आणि वाय-फायही बंद आहे ना बघा. ते अ‍ॅप काढून टाका. निघत नसेल तर सेफ मोडमध्ये फोन सुरू करून काढा. दुसऱ्याच्या फोनवरून बँकेला फोन करून यूपीआय आणि कार्ड बंद करायला सांगा, पासवर्ड बदला. पैसे गेले असतील तर १९३० या सायबर हेल्पलाइनवर ताबडतोब कळवा किंवा सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन या पोर्टलवर तक्रार करा. जितक्या लवकर सांगाल, तितके पैसे मधेच अडवले जाण्याची शक्यता जास्त. घरी ओरडा बसेल म्हणून दोन दिवस गप्प बसू नका. ओरडा दोन दिवसांनीही बसणारच आहे, पैसे मात्र तोवर लांब गेलेले असतील.

बाकी, खेळायला कुणाची ना नाही. सबमिशनच्या आठवड्यात एक लुडोचा डाव लागतोच! फक्त ग्रुपवर पुढच्या वेळी ‘अनलॉक्डवाली लिंक’ आली, की अंगठा दाखवण्याआधी एकच प्रश्न टाका : ‘भाई, हा प्ले स्टोअरवर का नाहीये?’ उत्तर द्यायला कोण पुढे येतं ते बघा.